तुझ्या भाषेत काहीही

सिंहली सिनेमाचा लाडका नायक दयारत्न लंडनला गेला आणि तिथल्या चित्रपटांत कधी स्वयंपाकी, कधी पहारेकरी होऊन मरू लागला. त्यातला एक चित्रपट श्रीलंकेत, त्याच्या गावी गॉलला लागला, तेव्हा सुट्टीवर आलेला तो आईला घेऊन गेला. पडद्यावर तो दिसताच शिट्ट्या वाजल्या. आई पदर सावरून ताठ बसली. शेवटी त्याला गोळी लागली. शूटिंगला दिग्दर्शक म्हणाला होता, "मरताना तुझ्या भाषेत काहीही बडबड. कुणाला कळतंय?" गॉलमध्ये सगळ्यांनाच कळत होतं. "अम्मे," पडद्यावरचा दयारत्न पुटपुटला, "इथे मला कुत्रंही विचारत नाही गं. घरी यावंसं वाटतं, पण कुठल्या तोंडानं येऊ?" शिट्ट्या थांबल्या. मागून कुणीतरी कुजबुजलं, "अरे, हा खरंच रडतोय." खुर्चीतल्या दयारत्नने मान खाली घातली. आईने हनुवटी धरून त्याचा चेहरा वर केला. "याच तोंडानं ये, पुता."