खालून दिसणारी माणसं

अमोल सरांनी मॉनिटर कुसाबाईंकडे वळवला. "बघा मावशी, तुमची मुलगी क्लासच्या कॉम्प्युटरवर काय करते ते."

पंचवटीतल्या त्या क्लासात दोन खुर्च्या रिकाम्या होत्या, पण बसा म्हणायचं सरांना सुचलं नाही. निरोप आला म्हणून कुसाबाई बाजारातली फुलं शेजारणीच्या भरवशावर टाकून आल्या होत्या. त्या उभ्याच राहिल्या. दीपमाला, त्यांची लेक, भिंतीला टेकून होती. लहानपणापासून शाळा सुटली की ती आईशेजारी गोणपाटावर, झेंडूच्या ढिगामागे बसायची.

भुताखेतांच्या एका परदेशी गेमचं तिला वेड. त्यातलीच भुतं घेऊन आठ महिने खपून तिने आपला वेगळा गेम केला होता. पण तिच्या भुतांना डोळेच नव्हते. नुसत्या अवाढव्य हनुवट्या, नाकपुड्यांची काळी भोकं आणि वरून खाली येणारे टोपलीएवढे हात. खेळणाऱ्याने ढिगामागे दबून बसायचं, हात लागला की मेला. चार चित्रं तिने इंटरनेटवर टाकली, तर त्या गेमच्या दहा-बारा वेड्यांनी वाखाणली होती. सरांना त्याचं काय! त्यांना क्लासच्या प्रदर्शनासाठी सूर्योदय आणि गुलाब हवे होते.

ही विकृती आहे, सर म्हणाले. डोक्याच्या डॉक्टरला दाखवा, उद्या पालक येतील, क्लासची अब्रू जाईल. आणि मग, "माणसं अशी दिसतात का हो कुठे?"

कुसाबाई जवळ गेल्या. पडद्यावरच्या एका हातावर त्यांनी बोट ठेवलं. "ही गिऱ्हाईक बाई झेंडू कुस्करून बघती अन् न घेताच जाती." मग दुसऱ्यावर. "ह्यो सगळी शेवंती उपसतो."

सरांनी ते ऐकलं नाही, किंवा त्यांना ऐकायचंच नव्हतं. त्यांनी माउस ओढला आणि गेम पुसून टाकला, कचऱ्याच्या डब्यातूनसुद्धा. सीडीवर उतरवून द्या, असं पोरीने दोनदा विनवलं होतं. घरी कॉम्प्युटर नव्हता, दुसरी प्रत नव्हती. दुसऱ्याचं पुसायला काय लागतं? दोन क्लिक.

कुसाबाई मटकन फरशीवर बसल्या, बाजारात बसतात तशाच. सर त्यांच्यावर वाकले आणि बोट नाचवत समजावू लागले, की हे सगळं तिच्या भल्यासाठीच आहे.

कुसाबाई मान वर करून त्यांच्याकडे बघत राहिल्या. मग लेकीचा हात धरून त्यांनी तिला शेजारी खाली बसवलं.

"दीपे, परत करशील तवा ह्यांना बी घे. हितून बघ, नीट दिसत्यात."