छत्रीपलीकडचं माहेर

"आदेश मंत्रालयाचा आहे, कप्तानबाई. माझा नाही," तळप्रमुख म्हणाले.

"म्हणजे तुम्हालाही पटलेला नाही."

"मला काय पटतं हे विचारायला त्यांनी मला या खुर्चीत बसवलेलं नाही."

ती हसली नाही. तळावरच्या वैमानिकांत ती सगळ्यांत जुनी, म्हणून सगळे तिला कप्तानबाई म्हणत. गंधकाची वाफ टाक्यांत भरायची, आभाळाच्या पार वरच्या थरात न्यायची आणि सोडून द्यायची, हे तिचं काम. त्या थरातून ऊन चाळून खाली येई आणि जमीन निवे. लोक त्याला छत्री म्हणत.

छत्री उघडली आणि उन्हाने माणसं पटापट मरायची थांबली. पण तिने पावसाची वाटही मोडली. डोंगराच्या अलीकडे सावली आली, पलीकडे कोरड पडली. आणि पलीकडे कप्तानबाईचं माहेर होतं.

"आजपासूनच अमलात आणायचा?" तिने विचारलं.

"आजपासूनच."

"विचार करून?"

"विचार निवडणुकीनंतर. आत्ता लोकांना काहीतरी करून दाखवायचंय."

"मग मी हा आदेश मानत नाही."

तळप्रमुखांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "इतकी वर्षं तुम्ही शब्दाबाहेर गेला नाहीत. आज काय अंगात आलंय?"

"इतकी वर्षं मान खाली घालून उडत होते, साहेब. मान खाली घातली की खालचं सगळं दिसतं."

"नोकरी जाईल. वर कोठडीही."

"जाऊ दे."

"माहेरच्या माणसांचा तरी विचार करा."

"तोच करतेय."

"आणि एकट्या काय दिवे लावणार आहात?"

"एकटी नाही. बाहेर बघा."

काचेपलीकडच्या बाकावर बाकीचे वैमानिक ओळीने बसले होते. तळप्रमुखांनी एकेकाकडे पाहिलं. एकानेही नजर खाली केली नाही.

ती खोलीबाहेर आली, तोच फोन वाजला. धाकटा भाऊ होता.

"ताई, विहिरीत आता गाळसुद्धा उरला नाही. शेजारी सामान बांधून निघून गेले. तुमची ती छत्री मिटवा गं एकदाची."

तो दर आठवड्याला हेच म्हणायचा. छत्री एकदम मिटली, तर इतकी वर्षं अडवून धरलेली उष्णता वर्षा-दोन वर्षांत एकदम अंगावर येईल, हे तळावर पहिल्याच दिवशी शिकवलं जाई. म्हणून आजवर कुणी थांबायचं नाव काढलं नव्हतं. वाघावर बसणं सोपं, उतरणं अवघड.

"मी आज त्यांना तोंडावर नाही म्हणून सांगितलंय," ती म्हणाली.



"खरं सांगतेस?" भाऊ रडायला लागला. "ताई, शेवटी तू आपलीच निघालीस. सगळ्या गावाला सांगतो."

"गावाला नको सांगूस. ऐक माझं..."

तो ऐकण्याच्या पलीकडे गेला होता. त्याचं रडणं ऐकवेना, तेव्हा ती म्हणाली, "आईला दे."

आईचं दुसरंच चाललं होतं. "या गोळ्यांनी तोंड भोपळ्यासारखं सुजलंय माझं. उद्यापासून सगळ्या उकिरड्यावर फेकणार."

"आई, त्या एकदम सोडायच्या नसतात. जिवावर बेतेल. डॉक्टर हळूहळू कमी करत आणतील."

"आणि तोवर हे तोंड घेऊन फिरू?"

"फिर. जगलीस तर फिरशील ना."

आई चिडून काहीतरी पुटपुटली. मग हळूच म्हणाली, "हा का रडतोय गं? काय सांगितलंस त्याला?"

"खरं तेच सांगितलं," ती म्हणाली आणि फोन ठेवून भिंतीला टेकून उभी राहिली.

मोठ्या शेडमध्ये मामा हात पुसत उभे होते. विमानांचे मिस्त्री, पण सगळ्या तळाचे मामा.

"विमान बाहेर काढायचंय, मामा."

"आदेश आलाय ना, पोरी?"

"आलाय. म्हणूनच काढायचंय. तुम्ही यात पडू नका, घरी जा."

"बायकोही तेच म्हणाली. तिचं ऐकत आलो असतो, तर आज सासऱ्याच्या दुकानात शर्टांना काजं करत बसलो असतो." त्यांनी वाकून चाकांखालचे लाकडी ठोकळे ओढले. "परत आलीस की बेड्या घेऊन उभे असतील."

"उभे राहू देत. पाय दुखतील त्यांचे."

धावपट्टी मोकळी आहे असं कुणी सांगितलं नाही. तिने विचारलंही नाही. विमान जमीन सोडून उठलं आणि तिने नाक डोंगराकडे वळवलं. मागून एकेक करत बाकीची विमानंही उठली.

डोंगर मागे पडला. खाली नदीच्या जागी पांढरी रेघ उरली होती. त्याच नदीत ती पोहायला शिकली होती, भावाला पाठीवर घेऊन. आता तो अंगणात उभा राहून वर बघत असेल, असं तिला वाटलं.

रेडिओ खरखरला.

"कप्तानबाई, शेवटचं सांगतो," तळप्रमुखांचा आवाज आला. "छत्री आजपासून कायमची बंद, असा आदेश आहे. जराही वाफ सोडायची नाही. परत फिरा."

तिने रेडिओ बंद केला आणि दोन्ही टाक्या उघडल्या.