पदरचं वाक्य

“तुमच्या वहीत हे एवढं लिहून ठेवलंय बाई. अडलोच तर हळूच फेका माझ्याकडे,” असं म्हणून बार्टुशनी पेन्सिल कानामागं खोचली आणि ते मिशी चिकटवायला आरशाकडे वळले.

थेक्लानं प्रॉम्प्टिंगची वही उजेडात धरली. दुसरा अंक, बागेतला प्रवेश. म्हातारा महापौर नवरीची वाट बघतोय. त्याच्या संवादाशेजारी बार्टुशनी तिरक्या अक्षरात एक पदरचं वाक्य घातलं होतं. ‘मी काय इथं स्टेशनवरच्या रुडलोफसारखा उभाच राहू?’

तिनं ते नाव पुन्हा एकदा वाचलं.

बार्टुशचं तसं काही चुकलं नव्हतं. गावच्या विनोदी नटाचा घसा बसला म्हणून काल शनिवारी एरफुर्टहून घाईघाईनं बोलावलेला हा पाहुणा. पाहुण्यानं आल्याआल्या दारवानाला विचारायचं, ‘काय हो, तुमच्या गावात हसं कुणाचं होतं?’ आणि ते नाव संवादात ठोकून द्यायचं, ही या धंद्याची रीतच. विनोदी ऑपेरात नावानं अर्धं काम होतं. महापौराचं नावच मुळी स्ट्रोकोफ, म्हणजे डोक्यात पेंढा. नाव ऐकलं की लोक हसायला मोकळे. गावात आता रुडलोफ या आडनावालाही तसाच अर्थ आला होता. बेकरीत पाव निघायला उशीर झाला की बायका म्हणायच्या, “अगं, किती वेळ रुडलोफ करायचं?”

“हे नाव नको,” थेक्ला म्हणाली.

“का नको? काल मी गाडीतून उतरलो तर पठ्ठ्या माझं तोंड न्याहाळत उभा! दारवान म्हणाला, सात वर्षं झाली, रोज चार दहाच्या गाडीला हजर. लोक हसून लोळतील बघा!”

‘तो माझा नवरा आहे,’ एवढंच सांगायचं होतं. एकोणीस वर्षं दुसऱ्यांच्या तोंडात शब्द घालणाऱ्या बाईला स्वतःचे चार शब्द फुटेनात. थिएटरात सगळे तिला थेक्लाबाई म्हणत, तिचं आडनाव या पाहुण्याला कुठून ठाऊक असणार? लाज म्हणा, काय म्हणा, सांगायचं राहूनच गेलं. तेवढ्यात तिसरी घंटा झाली.

ती रंगमंचाच्या पुढच्या कडेतल्या प्रॉम्प्टरच्या खोक्यात उतरली. तोंड रंगमंचाकडे, पाठ लोकांकडे. पाठीमागं सातव्या रांगेत एमरिख रुडलोफ बसला होता, आणि त्याला तिथं आणून बसवलं होतं तिनंच.

महिनाभर ती त्याच्या मागं लागली होती. रविवारी दुपारी तीनचा खेळ आहे, चल, जरा माणसांत ये, हस. एमरिख आपला मान हलवायचा.

“आर्नो चार दहाला उतरला आणि फलाटावर कुणीच नसलं तर? काय वाटेल पोराला?”

“एमरिख, सात वर्षं झाली रे.”

“पत्रात काय लिहिलंय? बेपत्ता. मेला असं लिहिलंय का कुठं? शब्दाला अर्थ असतो, थेक्ला.”

लढाईवर गेलेल्या मुलाबद्दलचं सतरा सालचं युद्धखात्याचं ते पत्र घड्यांवर फाटलं होतं, तरी त्याच्या कोटाच्या आतल्या खिशातून हललं नव्हतं. शेवटी तिनंच तोड काढली. स्टेशनमास्तरला सांगून ठेव, पोरगा उतरला तर मास्तर थिएटरात येऊन तुला आडनावानं हाक मारेल. स्टेशनमास्तर भला माणूस. “मारतो की,” म्हणाला. तेव्हा कुठं एमरिखनं दाढी केली आणि लग्नातला कोट अंगावर चढवला.

पहिल्या अंकात खालच्या खुर्च्यांवरचा सगळा पिट हसत होता. त्यात तिला त्याचं हसू ओळखू आलं. गंजलेलं, अडखळणारं, पण त्याचंच. देवा, एवढं एक वाक्य चुकव रे, ती पुटपुटली. तिनं पेन्सिल घेतली आणि कागद फाटेपर्यंत ते नाव खोडलं.

बागेतला प्रवेश सुरू झाला तेव्हा सव्वाचार झाले होते. स्ट्रोकोफ झालेले बार्टुश पोट सावरत पुढं आले.

“अजून नाही आली! मी काय इथं स्टेशनवरच्या त्या... त्या...”

बार्टुश अडले. त्यांनी खोक्याकडे बघून भुवया उडवल्या. थेक्लानं ओठ घट्ट मिटून घेतले. एकोणीस वर्षांत तिनं एकाही नटाला असं उघड्यावर सोडलं नव्हतं. सोडा ते, गाणं घ्या, गाणं घ्या, असं ती डोळ्यांनी विनवत होती.

पण या वाक्याला प्रॉम्प्टर लागतोय कशाला? गॅलरीतून कुणीतरी ओरडलं, “रुडलोफ!” मग बाल्कनीतून, मग पिटातून. “रुडलोफ! रुडलोफ!” थिएटर दणाणून गेलं. वाईट नव्हती हो ती माणसं. बेकरीवाली होती, पोस्टमन होता, रोज त्याची विचारपूस करणारी सगळी. तो इथं बसलाय हे कुणाच्या ध्यानातही नव्हतं. बार्टुश खूश होऊन दोन्ही हातांनी ‘आणखी, आणखी’ करत होते. थेक्लाला मागं वळताही येईना, खोक्यात तेवढी जागाच नव्हती.

पाठीमागं सातव्या रांगेतली खुर्ची खाडकन मिटली. हशा एकेका रांगेतून विरत गेला. त्या शांततेत तिला नवऱ्याचा आवाज ऐकू आला, सात वर्षांत न ऐकलेला, आनंदानं फाटलेला.

“आलो, मास्तर, आलो! त्याला म्हणावं हलू नकोस, तिथंच थांब. बाप निघालाय!”