फक्त हात

पुण्याहून आलेल्या पेंडशांना चेहरा नको होता. कंदील दुरुस्त करणारे हात तेवढे हवे होते. त्यांच्या सिनेमात गोष्ट नव्हती, गाणं नव्हतं. एक फुटका कंदील आणि तो सांधणारे दोन हात. फिल्म थोडीच उरली होती, म्हणून चूक नको, असं त्यांनी कंदील दुरुस्त करणाऱ्या गफूरला दोनदा बजावलं.

गोणपाटाच्या पडद्याआड त्याची बायको अख्तरबानो श्वास धरून बसली होती. नवऱ्याचा उजवा हात गेलं वर्षभर कापत होता. काम तो घ्यायचा, करायची ती. शहाद्यात हे कोणाला ठाऊक नव्हतं. कळलं तर गिऱ्हाईक लोणखेड्याच्या कारागिराकडे जाईल, ही दोघांना भीती.

बाहेर कॅमेरा घरघरू लागला. गफूरनं तापलेलं लोखंड उचललं. कथलाचा थेंब गळत्या जागेवर पडायचा तो त्याच्या गुडघ्यावर पडला. घरघर थांबली. कंदील गजराबाईंचा होता. त्या समोरच बसल्या होत्या.

गफूरनं लोखंड खाली ठेवलं आणि पडद्याकडे न बघता हाक मारली. अख्तरबानो उठेना. त्यानं पुन्हा बोलावलं. ती ओढणी सारखी करत उन्हात आली तेव्हा तो तिच्याकडे बोट करत गजराबाईंना म्हणाला, "मन्हा हात वरीसपासून कापस. काम हाई करस."

तो भात्यापाशी सरकला. ती त्याच्या जागेवर बसली.

पेंडसे घुटमळले. हात चालतील, पण बांगड्या काढल्या तर बरं, म्हणजे पाहणाऱ्याचं लक्ष कामावर राहील, असं ते म्हणाले. अख्तरबानो बांगड्या उतरवू लागली.

"ऱ्हाऊ दे," गफूर म्हणाला. "पाहणारले समजू दे."

कॅमेरा पुन्हा घरघरू लागला. तिनं गळत्या जागी नवसागर घासला, लोखंड टेकवलं. कथील सांध्यात चकचकीत पसरलं. टाकीत पाणी भरून तिनं कंदील उलटासुलटा केला. थेंबही आला नाही. गजराबाई कंदील घेऊन निघून गेल्या. पेंडशांनीही कॅमेरा आवरला.

तेवढ्यात नवल पाटील गळकी झारी घेऊन आले. गफूरनं सवयीनं हात पुढे केला. पाटलांनी त्याच्याकडे पाहिलं, त्याच्या जागेवर बसलेल्या बाईकडे पाहिलं. मग वाकून झारी तिच्यासमोर ठेवली.

गफूर भाता ओढू लागला.