खालच्या सिंकमधली झुरळं

"आणखी एक!" सुंदरबाईंनी चपलेखाली झुरळ चिरडलं आणि जिन्याकडं तोंड करून ओरडल्या, "आम्रपाली, खाली ये आधी!"

आम्रपाली उतरून आली. तालुक्याच्या दवाखान्यात रात्रपाळी करून आलेली, डोळे लाल. पाटोद्यात घर मिळवताना तिनं किती दारं वाजवली होती ते तिचं तिलाच ठाऊक. तिचं आडनाव ऐकलं, की रिकाम्या खोलीत मालकाचा भाचा राहायला येणार असायचा. वरच्या मजल्याची किल्ली हातावर ठेवली ती एकट्या राधाकिशनकाकांनी, सुंदरबाईंच्या नवऱ्यानं. आता लेकीची, पौर्णिमाची, दहावीची परीक्षा तोंडावर आली होती. हे घर सुटलं तर पोरीला घेऊन जायचं कुठं?

सुंदरबाईंनी सिंकच्या जाळीकडं बोट दाखवलं. "ही तुझी झुरळं!"

"काकू, मी रोज सिंकमध्ये उकळतं पाणी ओतते. सोडा टाकते, फिनेल टाकते. झोपताना जाळीवर वाटी पालथी घालते. माझ्याकडं एक झुरळ दिसत न्हाई."

"दिसंल कसं? समदी खाली पाठिवतीस की!"

आम्रपालीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. जाळी घासून घासून हाताची सालं निघाली होती, आणि ही बाई!

"रविवारी घर खाली कर," सुंदरबाई म्हणाल्या. "मला न्हाई ठिवायचे असले भाडेकरू."

"असले म्हंजे कसले, काकू?"

सुंदरबाईंनी चपलेनं मेलेलं झुरळ बाजूला सारलं. कसले ते दोघींनाही ठाऊक होतं.

एवढ्यात राधाकिशनकाका बाहेरून आले. बायकोचा शेवटचा शब्द त्यांच्या कानावर पडला होता.

"काऊन वरडतीस तिच्यावर?" त्यांचा आवाज चढला. "लेकरू रातभर पेशंट सांभाळून आलंय. कुठं न्हाई जायची ती!"

या गावात आम्रपालीच्या बाजूनं कुणी इतक्या मोठ्यानं बोललं नव्हतं.

"तुमी भाडेकरूची बाजू घेताव?"

"खऱ्याची घेतो. खरकटी भांडी तशीच सिंकात टाकून झोपतीस. झुरळं आपल्याच घरची हायती."

"कशावरून? वरचं पाणी आपल्याच पायपातून जातंय न्हवं?"

"न्हाई जात," काका म्हणाले. मग आम्रपालीकडं वळून मायेनं हसले. "तू बिनघोर राहा, पोरी. तुझ्याकडून झुरळं येऊच शकत न्हाईत. तू राहायला येणार म्हणल्यावर, ही माहेरी तेलगावला गेलती तवाच, मी तुझ्या सिंकाचा पाईप मागल्या बोळातून वेगळा काढून घेतला. तुमच्या लोकांचं पाणी आमच्यात मिसळायला नको म्हणून."