सत्तेचाळीस नंबरचं पोर्ट

देऊळगाव राजातल्या एका बियाणे कंपनीच्या डेटा सेंटरमध्ये अनुपमा नेटवर्क सांभाळायची. सगळ्या केबल जिथं जोडतात त्या मोठ्या स्विचच्या सत्तेचाळीस नंबरच्या पोर्टला केबल नव्हती, तरी त्याचा हिरवा दिवा रोज लुकलुकायचा. अनुपमा तिथं असेल तेवढाच वेळ.

"मोकळं पोर्ट चालू काऊन ठेवता, मॅडम?" तिच्या हाताखालचा शेखर म्हणाला. "ऑडिटवाले कान धरतील."

दोन वर्षांच्या लेकीला, अन्वीला, घरी रडती सोडून आल्यावर त्या दिव्याकडे पाहून अनुपमाला उगाच धीर यायचा. तरी तिनं पोर्ट बंद करायची कमांड दिली. दिवा विझला. स्क्रीनवर एक ओळ उमटली: 'पत्ता दुसऱ्या पोर्टवर हलला.' पत्ता म्हणजे जोडलेल्याची ओळख; ती कोणत्या पोर्टवर गेली, ते लिहिलंच नव्हतं.

संध्याकाळी ती घरी आली. रोज धावत येऊन पायांना बिलगणारी अन्वी आज सासूबाईंच्या मागं लपली.

"आजी, हे काकू कोन हाय?"

"अवं, माय हाय ना तुही!" सासूबाई हसल्या. "नाटकं करून राह्यली पोट्टी."

अनुपमानं हात पुढं केले, तशी पोर रडायला लागली. तो दिवा विझवायला नको होता. तिनं घाईघाईनं लॅपटॉप उघडला, पोर्ट पुन्हा चालू केलं. काहीच जोडलं गेलं नाही.

तेवढ्यात फाटकाची कडी वाजली.

"आई आली!" अन्वी तिच्या शेजारून धावत गेली. फाटकात कुणीच नव्हतं. तरी पोरीनं हवेलाच घट्ट मिठी मारली.

अनुपमानं घाबरून सासूबाईंकडे पाहिलं. त्या पदर सावरत फाटकाकडेच बघत होत्या.

"आली का वं अनुपमा? ह्या बाई कव्हाच्या तुही वाट पाहून राह्यल्या."