शेपटीवाल्या अळ्या

सगुणाबाईनं कांद्याच्या फुललेल्या डोंगळ्यांवरून तळवा अलगद फिरवला. एका गोंड्यावरून दुसऱ्यावर, दुसऱ्यावरून तिसऱ्यावर. सकाळपासूनची ही चौथी ओळ. कांद्याच्या दांड्यावरचे हे पांढरे गोंडे, यांतच बी धरतं. पण या फुलातली भुकटी त्या फुलावर कुणीतरी न्यायला लागते. ते काम मधमाशीचं, आणि मधमाशी यंदा औषधालासुद्धा नव्हती. चहूकडे द्राक्षबागा, रोज कुठं ना कुठं फवारणी. येणार कुठून बिचारी?

आठ दिवसांपूर्वी हात फिरवलेला एक गोंडा तिनं चुरगळून पाहिला. नुसतं फोलपट निघालं.

"मेलं बी," ती म्हणाली आणि मटकन बांधावर बसली.

हे बी तिच्या सासूचं, नवसाबाईचं. लासलगावचा जुना व्यापारी कांदा फोडून नुसता वास घ्यायचा आणि विचारायचा, "नवसाबाईचा का?" गेल्या साली गारांनी डोंगळे झोडपले, दाणा हाती लागला नाही. कांदे साठवायच्या चाळीत उरलेल्यांतून निवडून तिनं हे शेवटचे लावले होते. आता चाळ रिकामी. जुनं बी ठेवावं, तर कांद्याचं बी दुसऱ्या साली उगवत नाही. इंदिरानगरला राहणारा लेक दीपक म्हणायचा, "आई, दुकानात पुडीत मिळतं की बी." त्याला काय सांगणार? सासूनं मरताना हातात बियाची पुरचुंडी दिली होती. दागिना नाही, पुरचुंडी.

"आजी! इकडे ये, लवकर!"

योगिनीनं हाक मारली. दीपकची लेक, कॉलेजात प्राण्यांचं शास्त्र शिकते, परीक्षेच्या आधी चार दिवस आली होती. ती पार खालच्या कोपऱ्यात उभी होती, शेजारच्या सहादूच्या बांधाला लागून. त्या कोपऱ्यात सगुणाबाई सहसा जात नसे. बांधापलीकडं सहादूचा गोठा आणि त्याचा तो शेणामुताचा खड्डा. वास असा की नाकाला पदर लावावा.

त्या खड्ड्यावरूनच चार वर्षं अबोला होता. खड्ड्यातल्या शेपटीवाल्या अळ्या सरपटत हिच्या अंगणात आल्या आणि थेट वाळत घातलेल्या कुरडयांवर चढल्या. तेव्हापासून सगुणाबाई सहादूशी बोलत नव्हती, त्याच्या म्हशीशी बोलत होती. आज सकाळी दारात परत दोन अळ्या दिसल्या, तेव्हाही ती बांधावर जाऊन म्हशीलाच म्हणाली होती, "सांग गं तुझ्या धन्याला. दुपारच्या आत या किड्यांचा निकाल लावला नाय, तर मी चालले पंचायतीत." सहादूनं धार काढता काढता म्हशीच्याच कानात सांगितलं, "ऐकलं म्हणावं."

नाकाला पदर लावून सगुणाबाई कोपऱ्यात आली आणि पदर सुटलाच तिचा. गोंड्यांवर मधमाश्या होत्या! चार, पाच, सहा. या फुलावरून त्या फुलावर.

"आल्या गं बाई माझ्या लेकी!" तिला रडू आवरेना. आसपासच्या गोंड्यांत बोंडं टपोरी फुगली होती. तिनं एक फोडलं. आत कोवळं, ओलं बी होतं.

योगिनी एका फुलाजवळ डोळे नेऊन बघत होती. "आजी, या मधमाश्या नाहीत."

"मला शिकवती का?"

"अगं, मधमाशीला चार पंख असतात. हिला दोनच आहेत. ही साधी माशी, दिसते फक्त मधमाशीसारखी. डंख नाही मारत. पण काम तेच करते. बघ ना, अंगभर भुकटी."

"माशी तर माशी. देवच पावला. पण एवढ्याशा कशा पुरतील गं?"

"डोंगळे अजून किती दिवस फुलतील?"

"तीन आठवडे. आत्ता तर कुठं सुरुवात हाय."

"मग झालं तर! तोवर नव्या निघतील, शेकड्यानं. इथंच कुठंतरी यांची पिल्लं असणार. घाण साचलेल्या पाण्यात वाढतात, अळ्या असतात. त्यांना लांब शेपटी असते, ती पाण्याच्या वर काढून श्वास घेतात..."

योगिनी बोलतच होती. सगुणाबाई बांध ओलांडून पळत सुटली होती. पायातली चप्पल चिखलात राहिली. साठी उलटलेली बाई, पण अशी पळाली की गोठ्यातली म्हैस दचकून उठली.

सहादू खड्ड्याच्या काठावर उभा होता. हातात रिकामा डबा. खड्डाभर काळा तवंग पसरला होता आणि त्यात एकही शेपटी हलत नव्हती.

तिला आलेलं पाहून सहादूचा चेहरा खुलला. आज त्यानं म्हशीकडं पाहिलंही नाही.

"घ्या काकू! ट्रॅक्टरचं जळकं ऑइल होतं नव्हतं तेवढं ओतलं. एक अळी ठेवली नाय. आता तरी बोला माझ्यासंगं."

सगुणाबाई काठावर गुडघ्यांवर बसली. सकाळपासून फुलांवरून फिरवलेला हात तिनं कोपरापर्यंत त्या घाणीत घातला. ओंजळभर काळा चिखल वर काढला, बोटांनी चाचपला, टाकला. पुन्हा हात घातला.

"सहादू," चार वर्षांनी ती त्याच्याशी बोलली, "बाबा, एक तरी जिती सापडंल का रे?"